रिक्ताचा तिसरा भाग

गोपाळकृष्ण सोवनींना त्यांच्या पुस्तकाबद्दल शेवटचा फोन आला त्याला एकोणीस वर्षं होऊन गेली होती. तोही प्रकाशकाचाच होता. गोदाम हलवायचंय, उरलेल्या प्रती घेऊन जाता का, असं विचारायला. त्यामुळे त्या बुधवारी सकाळी एका अनोळखी बाईनं फोनवर, "‘नऊ तळ्यांचं राज्य’ लिहिणारे सोवनी सर आपणच का?" असं विचारलं, तेव्हा फसवणूक करणाऱ्यांनी आता ही नवी युक्ती काढलेली दिसते, असंच त्यांना वाटलं.

"आपलं काम काय?" त्यांनी कोरडेपणानं विचारलं.

"सर, मी निकिता बोलतेय, येरवड्याहून. अप्पा बळवंत चौकातल्या एका पुस्तकविक्रेत्यांनी तुमचा नंबर शोधून दिला. तिसऱ्या दुकानात मिळाला." बाई भरभर बोलत होती, आणि मागे कुठेतरी तान्हं मूल कुरकुरत होतं. "मला मुलगी झालीय, सर. उद्या महिन्याची होईल. आम्हाला तिचं नाव रिक्ता ठेवायचंय."

सोवनी खुर्चीवर बसले. मग उठले आणि पुन्हा बसले.

रिक्ता हे त्यांच्या पुस्तकातल्या खलनायिकेचं नाव होतं. पंचांगात चतुर्थी, नवमी आणि चतुर्दशी या तिथींना रिक्ता म्हणतात. शुभकार्याला त्या वर्ज्य. नऊ तळ्यांच्या राज्यात अशा तिथीला जन्मलेली एक पोर राजज्योतिषी तटाबाहेर टाकायला लावतो, तेच नाव तिला चिकटतं आणि मोठी झाल्यावर ती काळी विद्या शिकून राज्यातली तळी एकेक करून आटवायला लागते. अशी ती तीन भागांची अद्भुत कथा होती. सोवनी तेव्हा पाटबंधारे खात्यात आरेखक होते. दिवसभर कालव्यांचे नकाशे काढायचे आणि घरी आल्यावर ही गोष्ट लिहायची, असं त्यांनी चार वर्षं केलं होतं. पुस्तकाचं एकच परीक्षण आलं होतं. त्यात छपाई सुबक असल्याचं म्हटलं होतं.

"अहो, पण ती दुष्ट आहे," ते म्हणाले.

"माहितीय सर. मी अकरा वर्षांची असताना वाचलंय. आमच्या विहाराच्या वाचनालयात पहिले दोन भाग होते, कुणीतरी दिलेले. आठ-दहा वेळा तरी वाचले असतील. तिसरा कधी मिळालाच नाही. आजपर्यंत." ती जराशी थांबली. "अडचण तीच आहे. माझ्या वडलांनी मागच्या आठवड्यात दोन्ही भाग वाचून काढले. ते म्हणतात, अर्धी गोष्ट वाचून पोरीचं नाव ठेवायचं नाही. शेवटी त्या बाईचं काय होतं ते बघू, मग ठरवू. रविवारी नामकरण आहे, सर. तिचं काय होतं शेवटी?"

शेवटी काय होतं ते जगात बहुधा त्यांना एकट्यालाच आठवत असेल.

"असं फोनवर कसं सांगायचं," ते म्हणाले. "मी पुस्तक आहे का बघतो."

"मी माणूस पाठवते न्यायला."

"नको नको. आधी शोधू तर द्या."

फोन ठेवल्यावर त्यांनी पाहिलं तर राधाबाई स्वयंपाकघराच्या दारात पोळपाट हातात घेऊन उभ्या होत्या. पन्नास वर्षांच्या संसारात नवऱ्याचा एकही फोन त्यांनी अर्धवट ऐकलेला नव्हता.

"कुणाला पुस्तक हवंय?" त्यांनी विचारलं.

"एका बाईला. तिसरा भाग. सापडेल असं वाटत नाही."

"कपाटाच्या वरच्या फळीवर आहे. निळ्या पिशवीत. दर दिवाळीला मी त्यावरची धूळ झटकते, म्हणून मला माहीत." एवढं बोलून त्या पोळ्या लाटायला गेल्या.

दुपारी सोवनी स्टुलावर चढले. पिशवी होती, पिशवीत पुस्तक होतं. खिडकीजवळ बसून त्यांनी तिसरा भाग पहिल्या पानापासून वाचायला घेतला. बावीस वर्षांत त्यांनी तो उघडला नव्हता. सुरुवातीची प्रकरणं त्यांना बरी वाटली. काही ठिकाणी तर चक्क हसू आलं. तट त्यांनी छान उभा केला होता. तटाबाहेरच्या वस्तीचं वर्णन मात्र दोनच ओळींचं होतं. तिथे ‘काळवंडलेले, हिंस्र लोक’ राहत होते आणि त्यांच्यातल्या एकालाही नाव नव्हतं. त्यांनी आधीची पानं उलटसुलट करून पाहिली. खरंच नव्हतं.

शेवटचं प्रकरण साडेतीन पानांचं निघालं. रिक्तानं नवव्या तळ्याच्या तळाशी बोगदा खणलेला असतो आणि त्यातून पाणी तटाबाहेर वाहत असतं. बोगद्याच्या तोंडावर दोरानं टांगलेलं दगडी दार असतं; राजपुत्र आरोह तो दोर कापतो आणि ते कोसळतं. पुढे लिहिलं होतं, ‘आणि नवव्या तळ्याचं पाणी त्या दुष्टेला गिळून शांत झालं.’ मग राज्यात आनंदीआनंद. राजपुत्राचं लग्न. समाप्त.

त्यांना ती दुपार आठवली. शनिवार होता. चार वर्षं लिहून कंटाळा आलेला होता. खलनायिका मरायची हे ठरलेलंच होतं. त्यावर विचार करावा असं त्यांना कधी वाटलंही नव्हतं. प्रकाशकानं सांगितलं नव्हतं, कुणीच सांगितलं नव्हतं. त्यांनी दोन तासांत तिला बुडवलं आणि चहा घेतला.

"नाही सापडलं असं कळवून टाकतो," संध्याकाळी ते राधाबाईंना म्हणाले. "त्या बाईला आपल्या मुलीसाठी त्यातलं नाव आवडलंय. शेवट वाचून उगाच हिरमोड व्हायचा. बाळंतीण आहे."

राधाबाई शेंगा सोलत होत्या. "शेवट कुणी लिहिला?"

"मी."

"मग तुम्हीच नेऊन द्या. बुडवताना नाही लाजलात, आता सांगताना कसली लाज?" मग थोड्या वेळानं, जरा मऊपणानं त्या म्हणाल्या, "अहो, एकोणीस वर्षांनी कुणीतरी विचारलंय. जा."

शुक्रवारी सकाळी सोवनींनी इस्त्रीचा शर्ट घातला, पुस्तक पिशवीत घेतलं आणि येरवड्याची बस पकडली. चौऱ्याहत्तर वर्षांच्या आयुष्यात ते येरवड्यात उतरले होते दोनदा की तीनदा. बसथांब्यावर निकिताचा नवरा आयुष स्कूटर घेऊन उभा होता. बारीक अंगाचा, हसऱ्या चेहऱ्याचा मुलगा. "सर, घट्ट धरा हं, गल्लीत खड्डे आहेत," असं म्हणत त्यानं त्यांना एका दुमजली, फिकट निळ्या घरापाशी आणलं.

खालच्या खोलीत बुद्धाची मूर्ती आणि बाबासाहेबांची तसबीर होती, तसबिरीला ताजा हार होता. पलंगावर निकिता बसली होती, कानाला रुमाल बांधून. मांडीवर गुंडाळलेलं बाळ. खाली चटईवर आयुषची आई, सुंदराबाई, बाळाचे लंगोट घड्या करत होत्या. निकिताची आई नव्हती, त्यामुळे बाळंतपणासाठी त्या लोणी काळभोरहून येऊन महिनाभर इथेच राहिल्या होत्या. आणि खुर्चीत, हाताची घडी घालून, निकिताचे वडील भीमराव ओव्हाळ. दणकट माणूस, पांढऱ्या मिशा, डोळ्यांवर जाड चष्मा. ते उठून उभे राहिले.

"जय भीम, साहेब. या."

"नमस्कार," सोवनी म्हणाले, आणि हातातली पिशवी कुठे ठेवावी ते न कळून तशीच धरून बसले.

निकितानं बाळाचं तोंड त्यांच्याकडे वळवलं. बाळ झोपलं होतं. कपाळावर आठ्या होत्या, जणू झोपेतही त्याला काहीतरी पटलेलं नव्हतं.

"सर, एक विचारू?" निकिता म्हणाली. "दुसऱ्या भागात रिक्ता वेशीवर येते आणि राजाला म्हणते, तळी तुम्ही बांधलीत, पाऊस कुणी बांधला? ते तुम्हाला कसं सुचलं?"

सोवनींना प्रामाणिकपणे आठवत होतं. ती उर्मट वाटावी म्हणून त्यांनी ते वाक्य तिच्या तोंडी घातलं होतं.

"सुचलं," ते एवढंच म्हणाले.

"मला ते पाठ होतं. उन्हाळ्यात आम्ही टँकरच्या रांगेत उभे असायचो. एक हात हंड्यावर आणि एका हातात पुस्तक. मला वाटायचं, सगळ्या गोष्टीत ही एकटीच कामाचं बोलते. राजपुत्र नुसता घोड्यावर बसतो."

"पण पोरीचं नाव म्हन्जी काय गंमत हाय का?" सुंदराबाई लंगोटाची घडी आपटत म्हणाल्या. "रिक्ता म्हन्जी रिकामी. मी इचारलं आमच्या शेजारच्या मास्तरास्नी. भरल्या घरात रिकामी म्हनून हाक मारायची व्हय? त्यात ती बाई चेटकीन."

"आई, चेटकीण नाही ती," आयुष म्हणाला.

"मंग कोन हाय?"

आयुषनं सोवनींकडे पाहिलं. सोवनींनी बाळाकडे पाहिलं.

मग भीमराव बोलले. आवाज मोठा नव्हता, पण खोलीतले सगळे थांबले.

"साहेब, आमच्यात नाव साधी गोष्ट नसते. माझ्या आजीचं नाव कचराबाई. तिच्या बहिणीचं धोंडी. गावानं बरी नावं ठेवूच दिली नाहीत. छप्पन साली माझ्या वडलांनी दीक्षा घेतली, तेव्हा त्यांनी ठरवलं, आता आपल्या घरात नावं आपण ठेवायची, आणि चांगली ठेवायची. तसा मी भीमराव झालो. माझी बहीण सुजाता झाली. आता ही माझी लेक शिकलेली, खराडीला कंपनीत दुसऱ्यांच्या चुका शोधते आणि पगार घेते. आणि ती पोरीला नाव ठेवतेय कुठलं, तर ज्योतिष्यानं शिवी म्हणून दिलेलं. मी नाही म्हणालो नाही. मी म्हणालो, शेवट बघू. त्या बाईनं त्या नावाचं काय केलं ते बघू."

सोवनींनी पिशवीतून पुस्तक काढलं. ते निकिताच्या हातात देताना त्यांना वाटलं, काहीतरी बोलायला हवं, आधीच क्षमा मागायला हवी. पण निकितानं शेवटचं प्रकरण उघडलंसुद्धा होतं. "मोठ्यानं वाचते," ती म्हणाली, आणि वाचू लागली.

साडेतीन पानं वाचायला कितीसा वेळ लागतो! सोवनी फरशीवरची नक्षी पाहत बसले. दोर कापला गेला. दार कोसळलं. ‘त्या दुष्टेला’ या शब्दाशी निकिताचा आवाज एकदा अडला आणि पुढे गेला. राजपुत्राचं लग्न लागलं. तिनं पुस्तक मिटलं.

बाळानं झोपेत एक उसासा टाकला.

"म्हणजे ज्यांनी तळी अडवून ठेवली ते राजे," निकिता हळू म्हणाली, "आणि जिनं पाणी बाहेर काढलं ती बुडाली. आणि बाहेरचे लोक? त्यांचं काय झालं, सर?"

"ते मी लिहिलं नाही."

"का?"

"मला त्यांची आठवणच झाली नाही." सोवनींनी हातातली रिकामी पिशवी घडी करून मांडीवर ठेवली. "कुणी मला सांगितलं नव्हतं, बाई. प्रकाशकानं नाही, कुणी नाही. मी माझ्याच मनानं लिहिलं. परवा वाचलं तेव्हा कळलं. फोनवर सांगायचं धैर्य झालं नाही, म्हणून आलो. तुम्ही दुसरं एखादं चांगलं नाव ठेवा."

निकिताचे डोळे भरून आले होते. बाळंतपणातलं रडू आधीच पापणीशी असतं. तिनं पदरानं डोळे पुसले आणि बाळाला खांद्यावर घेतलं. आयुषनं पाण्याचा तांब्या पुढे केला. सुंदराबाईंना हे नाव नकोच होतं, पण त्याही खूश दिसत नव्हत्या. "बुडवायचं कशापायी?" त्या पुटपुटल्या. "पानीच तर मागत व्हती."

"निकिता," भीमराव एकदम म्हणाले, "ते दाराचं परत वाच."

"पप्पा, जाऊ द्या ना."

"वाच गं."

तिनं वाचलं. ‘आरोहानं तलवारीच्या एका घावात दोर कापला. नवव्या तळ्याच्या तळाशी, बोगद्याच्या तोंडावर, दगडी दार गडगडत कोसळलं आणि बोगदा बंद झाला. आत रिक्ता अडकली. आणि नवव्या तळ्याचं पाणी...’

"थांब." भीमराव चष्मा काढून पुढे वाकले. "साहेब, दार कुठे आहे? तळं आणि बोगदा यांच्या मधे?"

"हो. तोंडावर."

"आणि बाई बोगद्यात. दाराच्या अलीकडे."

"हो."

"बोगद्याचं दुसरं टोक?"

"तटाबाहेर. उघडं. तिकडेच पाणी जात होतं."

"उतार?"

"बाहेरच्या बाजूला. त्याशिवाय पाणी वाहणार कसं?"

"मग दार पडल्यावर," भीमराव एकेक शब्द सुटा करत म्हणाले, "बोगद्यात पाणी येणार कुठून?"

सोवनींनी पुस्तक हातात घेऊन ती ओळ पुन्हा पाहिली.

"आयुष, कागद दे," भीमराव म्हणाले. आयुषनं कॅलेंडरचं जुनं पान फाडून दिलं. भीमरावांनी ते सोवनींपुढे सरकवलं आणि वर पेन ठेवलं. "तुम्हीच काढा. तुमचं काम आहे ते."

सोवनींनी तळं काढलं. दार काढलं. बोगदा काढला, उतारासकट. पाण्याचा बाण काढायला पेन टेकवलं आणि हात तिथेच थबकला. तेहतीस वर्षं त्यांनी कालव्यांचे, मोऱ्यांचे, दारांचे छेद काढले होते. दार मिटलं की खालचं पाणी निघून जातं आणि मार्ग कोरडा पडतो. हे त्यांच्या खात्यातल्या शिपायालाही सांगावं लागत नव्हतं.

"दार पडलं," भीमराव बोटानं दाखवत म्हणाले, "तळ्याचं पाणी तळ्यात राहिलं. बोगद्यातलं होतं ते उतारानं बाहेर गेलं. पाच मिनिटांत गुडघ्याखाली, पंधरा मिनिटांत घोट्याखाली. बाई काय करेल? चालत बाहेर जाईल. मी एकतीस वर्षं पाणीपुरवठ्यात व्हॉल्व्हमन होतो, साहेब. खांद्यावर ती लांब चावी आणि गल्लोगल्ली पाणी सोडायचं, बंद करायचं. व्हॉल्व्ह बंद केल्यावर पुढच्या गल्लीत कुणी बुडाल्याची तक्रार मला तरी आलेली नाही."

आधी आयुष हसला. मग निकिता, रडता रडताच. सोवनींनाही हसू आवरेना. ते कपाळावर हात मारून घेऊन हसत राहिले. बाळ दचकून जागं झालं आणि रडू लागलं.

"म्हन्जी जित्ती हाय?" सुंदराबाईंनी विचारलं. कुणीतरी स्पष्ट सांगावं म्हणून त्या आळीपाळीनं दोघांकडे पाहत होत्या.

"जिवंत आहे," सोवनी म्हणाले. "भीमराव म्हणतात ते बरोबर आहे. ती बुडूच शकत नाही."

"मंग लिवलंय काय नुसतं उगंच!" असं म्हणून त्यांनी बाळाला निकिताकडून घेतलं आणि थोपटायला लागल्या.

पण भीमराव हसत नव्हते. ते अजून त्या कागदाकडे पाहत होते.

"बाई वाचली," ते म्हणाले. "पण दार बंदच आहे की. बाहेरच्यांचं पाणी तुटलं ते तुटलंच. ती बाहेर येईल तेव्हा सगळे हंडे घेऊन उभे असतील. त्यांना काय सांगेल ती?"

बसमध्ये सोवनी भीत आले होते ते निकिताच्या रडण्याला. या प्रश्नाची त्यांनी कल्पनाच केली नव्हती. कितीतरी वर्षांत त्यांना कुणी, पुढे काय झालं, असं विचारलं नव्हतं.

"पप्पा," निकिता म्हणाली, "तुम्ही म्हणालात ना, तिनं त्या नावाचं काय केलं ते बघू. तिनं ते बदललं नाही. राजा तिला दुसऱ्या भागात सांगतो, तुला राजकन्येचं नाव देतो, आत ये, बोगदा बुजव. ती नाही म्हणते. तुम्ही वाचलंय ते. तुमच्या आजीला कुणी विचारलंच नाही. हिला विचारलं आणि ही नाही म्हणाली. म्हणून मला ते नाव हवंय."

भीमरावांनी मिशीवरून हात फिरवला. बाळ सुंदराबाईंच्या खांद्यावर शांत झालं होतं आणि डोळे उघडून भिंतीकडे बघत होतं.

"ठेवा," शेवटी ते म्हणाले. "पण माझी एक अट आहे, आणि ती साहेबांना आहे. पोरगी उद्या वाचायला लागेल. आपलं नाव कुठून आलं म्हणून पुस्तक मागेल. तेव्हा तिच्या हातात हे साडेतीन पानांचं जायला नको. तुम्ही पुढचा भाग लिहा. पाच वर्षं आहेत."

"मी चौऱ्याहत्तर वर्षांचा आहे, भीमराव."

"मग चार वर्षांत लिहा," भीमराव म्हणाले. "आणि पाण्याचं जे काही असेल ते छापायच्या आधी मला दाखवायचं."

रविवारी सोवनी राधाबाईंना घेऊन गेले. खोलीतलं सामान हलवून चादरी अंथरल्या होत्या, दारात निळ्या पताका होत्या आणि पांढऱ्या कपड्यांतली पन्नासएक माणसं दाटीवाटीनं बसली होती. मेणबत्त्या लागल्या. त्रिसरण, पंचशील झालं. सोवनींना शब्द येत नव्हते. ते हात जोडून ऐकत राहिले. आयुषच्या बहिणीनं बाळाच्या कानात नाव सांगितलं आणि मग मोठ्यानं जाहीर केलं. मागच्या बाजूनं एका म्हाताऱ्या बाईनं विचारलं, "काय म्हणाली? मुक्ता?"

"रिक्ता, रिक्ता," सुंदराबाईंनी खणखणीत आवाजात तिला सांगितलं. "आमच्या पोरीचं नाव हाय. पुस्तकातलं हाय. लिवनारे साहेब तितं बसल्यात बगा."

पन्नास माना वळल्या. सोवनींना कुठे बघावं कळेना. राधाबाईंनी खिरीच्या वाटीतून डोकं वर न काढता हळूच म्हटलं, "बसा ताठ. बावीस वर्षांनी प्रकाशन समारंभ झालाय तुमचा."

निघताना भीमराव दारापर्यंत आले. सोवनी चपला घालता घालता थांबले, वळले आणि म्हणाले, "जय भीम, भीमराव." शब्द तोंडात जरा अवघडले, पण बाहेर आले. भीमरावांनी त्यांचा हात दोन्ही हातांत धरला. "मंगळवारी मोकळाच असतो मी," ते म्हणाले.

त्या मंगळवारी नाही, पण अडीच-तीन महिन्यांनी एका मंगळवारी भीमराव सदाशिव पेठेत सोवनींच्या घरी आले. सोवनींनी दोन प्रकरणं लिहिली होती. पहिल्यात रिक्ता ओल्या बोगद्यातून बाहेर येते. समोर माणसं उभी असतात. या वेळी सोवनींनी त्यातल्या प्रत्येकाला नाव दिलं होतं, आणि ती नावं शोधायलाच त्यांना दहा दिवस लागले होते. ती काळी विद्याही त्यांनी काढून टाकली होती. ती मुळात विद्या नसून खणायचं कसब होतं, असं त्यांच्या लक्षात आलं होतं.

भीमरावांनी चष्मा लावून सगळं सावकाश वाचलं. राधाबाईंनी चहा आणून ठेवला तरी मान वर केली नाही. मग दुसऱ्या प्रकरणाच्या मधोमध त्यांनी बोट ठेवलं.

"हे दार हे लोक फोडतात असं तुम्ही लिहिलंय."

"हो. सगळे मिळून. जोरदार प्रसंग आहे."

"जोरदार आहे. पण दार पडल्यापासून तळं काठोकाठ तुंबलंय. आता ते फोडलं तर सगळं तळं एका दिवसात वाहून जाईल आणि खालची वस्ती बुडेल. आत्ता खरी बुडेल." त्यांनी पेन उचललं. "फोडायचं नाही. दाराला चावी बसवायची. अर्धी चावी आत, अर्धी बाहेर. दोघं आल्याशिवाय दार उघडायचं नाही."

"राजा कबूल होईल?"

"सुखासुखी कशाला होईल? तेच तर लिहायचं ना तुम्ही. किती पानं लागतात ती लागू देत."

सोवनींनी कोरा कागद पुढे ओढला आणि चावीचं चित्र काढायला घेतलं. भीमराव खुर्ची जवळ सरकवून बसले. तेवढ्यात त्यांचा फोन वाजला. निकितानं फोटो पाठवला होता. पोरगी पहिल्यांदाच पालथी पडली होती आणि मान वर करून कॅमेऱ्याकडे रागानं बघत होती. त्यांनी फोन राधाबाईंना दाखवला.

"रागीट आहे हो," राधाबाई कौतुकानं म्हणाल्या.

"असू दे," भीमराव म्हणाले, आणि पुन्हा कागदाकडे वळून त्यांनी सोवनींना चावीचा दांडा आणखी लांब काढायला सांगितला.